तांबट आळी: आवाजाचं काम मार्गी लागलं

पुण्याच्या कसबा पेठेतल्या तांबट आळीवर, म्हणजे तांब्याची भांडी घडवणाऱ्यांच्या आळीवर, मी करत असलेल्या माहितीपटात आवाजाचा प्रश्न सर्वात अवघड होता. तो या महिन्यात सुटला, म्हणून आधी तेच सांगतो.

दोन-तीन दुकानांत एकाच वेळी ठोके पडत असतात. मोबाइलचा माइक स्वतःच आवाज कमी-जास्त करत राहतो, त्यामुळे ठोका दबतो आणि मधली शांतता फुगते. आता वेगळा रेकॉर्डर वापरतो. त्यावर ऑटो लेव्हल बंद ठेवून सर्वात मोठा ठोका उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील इतकाच गेन (आवाज टिपण्याची पातळी) देतो. एक माइक कारागिराच्या हाताजवळ, पण ठोक्याच्या थेट रेषेत नाही. दुसरा समोरच्या ओट्यावर, आख्ख्या आळीसाठी. दोन्ही ट्रॅक हाताशी असले की संकलनात हवं तेवढं जवळ जाता येतं.

चित्रीकरण सेकंदाला २५ फ्रेमवर, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइट लुकलुकत नाही.

मठारकामाचा, म्हणजे भांडं ठोक्यांनी मठारण्याचा, संपूर्ण क्रम आता सलग टिपलाय. आकार दिलेलं भांडं लोखंडी दांड्यावर चढवतात आणि गुळगुळीत तोंडाच्या हातोडीने एकाला लागून एक ठोके घालत जातात. हातोडी जवळजवळ एकाच जागी पडते, फिरतं ते भांडं. म्हणून कॅमेरा डाव्या हातावर ठेवला. प्रत्येक ठोक्यागणिक बोटं भांडं जरासं सरकवतात आणि ठोक्यांची ओळ सरळ राहते. ठोक्यांनी तांबं घट्ट होतं, पत्र्याला ताठपणा येतो. नक्षी दिसते ती त्यातूनच. काम करणाऱ्या कारागीर काकांना विचारलं, ठोका बरोबर बसला हे कळतं कसं? म्हणाले, "कानाला कळतं. पोकळ वाजला की समजायचं, भांडं दांड्यावर नीट टेकलेलं नाही."

हे ऐकल्यावर पार्श्वसंगीत पूर्ण काढून टाकलं. ज्या कामाची पारख कानाने होते त्यावर सतार चढवणं मला पटत नाही. इथली घराणी पेशवाईत कोकणातून आलेली. पुढे आकार देण्याचं बरंच काम यंत्रांकडे गेलं, गिझर आले आणि पाणी तापवायच्या तांब्याच्या बंबाची मागणी आटली. हातात उरलं ते मुख्यतः मठारकाम. त्याचा आवाज तरी अस्सल आणि न कापलेला जपला पाहिजे. म्हणून कच्चं चित्रीकरण मी पुसत नाही. तारीख, जागा आणि कामाचं नाव घालून दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवतो. तुम्हीही ठेवा, उद्या कुणाला तरी ते माहितीपटापेक्षा जास्त उपयोगी पडेल.

पुढचा टप्पा कल्हईचा, म्हणजे भांड्याला आतून कथलाचा थर देण्याचा. कथील, नवसागर आणि तो पांढरा धूर. उजेड मागून घ्यायचा विचार आहे.

एक दृश्य मात्र अजून हवंय: मधल्या नळकांड्यात विस्तव, भोवती पाणी, असा खराखुरा पेटता बंब. नरकचतुर्दशीला अभ्यंगस्नानासाठी कुणाच्या घरी अजून पेटवत असतील तर कळवा. पहाटे चारला कॅमेरा घेऊन हजर राहीन.