पास आऊट

आज भाचीचा रेझ्युमे बघत होतो. इंग्लंडमध्ये मास्टर्ससाठी अर्ज करतेय. दुसऱ्याच ओळीत ‘आय पास्ड आऊट इन २०२३’. म्हटलं, अगं बाई, तिकडचा प्राध्यापक म्हणेल, पोरगी चक्कर येऊन पडली आणि वर सालही सांगतेय! ‘ग्रॅज्युएटेड’ लिही.

ती कसली ऐकतेय. "मामा, नोकरीच्या जाहिरातीत ‘२०२४ पासआऊट’ असतं, ते सगळे काय बेशुद्ध?" बिनतोड होतं. आपल्याकडे तो शब्द राजरोस चालतो, कुणाचाही गोंधळ होत नाही. रेझ्युमेत ‘ग्रॅज्युएटेड’, लिंक्डइनवर ‘पासआऊट’ अशी तडजोड झाली.

बरं, हा अर्थ आपण हवेतून काढलेला नाही. ब्रिटिश फौजेत प्रशिक्षण संपवून बाहेर पडणं म्हणजे पासिंग आऊटच. खडकवासल्याच्या एनडीएतही तेच. ३० मे २०२५ च्या पासिंग आऊट परेडला १७ मुलींची पहिली तुकडी बाहेर पडली, तेव्हा कुणी कांदा हुंगवायला धावलं नाही! उलट जून २०२३ मध्ये लंडनला परेडच्या तालमीत, लोकरी कोट आणि केसाळ टोप्यांतले काही सैनिक उन्हानं खरोखरच कोसळले. परेडवर पास आऊट, पण दुसऱ्या अर्थानं.

अमेरिकेत आणखी तिसराच प्रकार. ‘पास आऊट द पेपर्स’ म्हणजे कागद वाटा. पुढे कर्म आलं की वाटप, नाही आलं की बहुधा चक्कर. व्याकरणाच्या तासाला हे कुणी सांगितलं असतं तर मी जागा राहिलो असतो.