बटणाच्या मोबाईलवर मराठी दिसायला लागलं तेव्हा (माझा अनुभव)

2011 ची गोष्ट. आमचं गाव बाचीजवळ, म्हणजे बेळगाव-वेंगुर्ला रोडवर कर्नाटक संपतं तिथंच, शिनोळी लागली की चंदगड तालुका आणि महाराष्ट्र. मी बेळगावातनं सेकंडहँड सेट घेतलेला, बटणाचा, दोन इंची स्क्रीन, जावावर बनवलेली छोटी अ‍ॅप चालणारा. आण्णांना संध्याकाळी सीमाप्रश्नाची बातमी वाचायची असायची, 2004 पासून दावा सुप्रीम कोर्टात आहे आणि तारीख असली की त्यांना दुसऱ्या दिवशीच्या पेपरपर्यंत दम निघत नव्हता.

पहिल्यांदा नेटच लागेना. कस्टमर केअरला फोन करून सेटिंगचा एसएमएस मागवला, सेव करायला पिन 1234, तरी चालेना कारण ते वॅपचं, म्हणजे मोबाईलसाठीच्या साध्या पानांचं सेटिंग होतं आणि ऑपेरा मिनी या ब्राउझरला इंटरनेटचं वेगळं लागतं, हे कळायलाच दोन दिवस गेले. मग बॅलन्स उडायला लागला. परसात बसलं की महाराष्ट्राचा टॉवर पकडायचा, रोमिंग लागायचं, घरातल्या घरात बसून रोमिंग! शेवटी नेटवर्क सिलेक्शन मॅन्युअल करून कर्नाटकचं पकडून ठेवलं.

एवढं करून बातमी उघडली तर सगळे चौकोन. आण्णा म्हणाले, "काय करूलास रे, अक्षरं कुठं गेली?" खरं सांगतो, तेव्हा लई वाईट वाटलं. इथं ऑफिसात कन्नड, बोर्डावर कन्नड, मराठी वाचायचं म्हणून एवढा खटाटोप केला आणि मोबाईलमध्ये तिचा फॉन्टच नाही.

उपाय कॉलेजातल्या एका मित्रानं सांगितला. ऑपेरा मिनीच्या अ‍ॅड्रेसमधलं आधीचं सगळं खोडायचं आणि ऑपेरा, मग कोलन, मग कॉन्फिग असं इंग्रजीत सलग टाइप करायचं. एक पान उघडतं, त्यात बिटमॅप फॉन्ट्स फॉर कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट्स असं लिहिलेलं असतं, तिथं नो चं येस करायचं आणि सेव. ऑपेरा मिनीत पान आधी त्यांच्या सर्व्हरवर उघडतं आणि बारीक होऊन आपल्याकडं येतं, म्हणून टूजीवर पण चालतं. हे येस केलं की सर्व्हर अक्षरांची चित्रंच काढून पाठवतो, मग सेटमध्ये फॉन्ट असो नसो. डेटा थोडा जास्त जातो, पण जोडाक्षरं एकदम बरोबर, 'क्ष' ला 'क्ष' च दिसतो.

आण्णांनी चष्मा लावून अख्खी बातमी वाचली, खाली जायला कुठलं बटण दाबायचं तेवढंच विचारलं. मग मोबाईल घेऊन शेजारच्या काकांकडं गेले, चार्जिंग संपल्यावरच परत आले.