तुम्ही विचारलंत म्हणून : न पाहिलेल्या सिनेमातला नट

"जो सिनेमा तुम्ही पाहिलेला नाही आणि आता कुणालाच पाहता येणार नाही, त्यातल्या नटाचं एवढं कौतुक कशाला?" वासिल गेंदोवचं नाव माझ्या तोंडून निघालं की हा प्रश्न ठरलेला. रास्तच आहे म्हणा. गेंदोवचा 'बल्गारान ए गलांत' हा बल्गेरियाचा पहिला कथापट, आणि त्यातला बल्गारान तोच. जानेवारी १९१५ मध्ये सोफियाच्या 'मॉडर्न थिएटर'मध्ये तो लागला. आज त्याची प्रत नाही. उरलेत ते थोडे फोटो आणि कथानक.

पण ते कथानकच मला पुरतं. बल्गारान हा छानछोकीत राहणारा, बायकांवर भाव मारणारा गडी. रस्त्यात एक देखणी बाई दिसते आणि हा तिच्या मागे लागतो. बाई खमकी. ती त्याला झिडकारत नाही, उलट सोबत घेते आणि मनसोक्त खरेदी करते. पुडकी सगळी याच्या हातात. शेवटी तिचा नवरा भेटतो आणि याला हमाल समजून हातावर पैसे टेकवतो.

गेंदोव मूळचा रंगभूमीचा. मूकपटात आल्यावर अशा नटाचा आवाज जातो, उरतात हात. त्यातून भूमिका रंगेल माणसाची, म्हणजे सगळी ऐट हातांतच: हॅट उचलायची, बाईला हात द्यायचा. आणि ही गोष्ट तेच हात पुडक्यांनी अडकवून टाकते! पडद्यावर ते नेमकं कसं दिसलं असेल, हा माझा तर्क. पण नटाची अशी कोंडी करणारी गोष्ट गेंदोवने स्वतःच लिहिली, दिग्दर्शनही त्याचंच, वय जेमतेम तेवीस. फ्रान्सचा मूकपटांतला विनोदी नट मॅक्स लिंडर याची छाप त्यावर होती असं म्हणतात. असेल. मारा मियातेवा-लिपिना या नटीने ती बाई केली. तिच्याबद्दल कुणी विचारत नाही, याचं मात्र मला वाईट वाटतं. सगळा डाव तर तीच खेळते.

बाल्कन युद्धं नुकतीच संपली होती आणि त्याच वर्षी बल्गेरिया महायुद्धातही उतरला. अशा दिवसांत पहिला सिनेमा काढायचा आणि त्यात वीरपुरुष नाही, फजिती झालेला छैलबटाऊ!

वीरपुरुष नंतर आला. १९३३ मध्ये देशाचा पहिला बोलपट गेंदोवनेच काढला. त्यात तो वासिल लेव्स्की झाला, १८७३ मध्ये सोफियात फासावर गेलेला क्रांतिकारक. मग लोक म्हणतात, एवढी थोर भूमिका सोडून तुम्ही हमालाचं काय धरून बसलात? अहो, लेव्स्की पडद्यावर आला की प्रेक्षक आधीच हात जोडून बसलेले. बल्गारानला कोण ओळखत होतं? त्याला पहिल्या हशापासून सगळं स्वतः कमवावं लागलं, आणि तेही तोंड न उघडता.