विंगेतली जागा

स्नेहसंमेलनाच्या नाटकात मला कधीच भूमिका मिळाली नाही. आवाज बारीक, त्यात जाड चष्मा. बाईंनी हातात वही देऊन विंगेत उभं केलं, प्रॉम्प्टर म्हणून. आठवीच्या वर्षी आमचा राजा ऐन दरबारात गप्प झाला आणि मी घाबरून पुढचं वाक्य असं दिलं की तिसऱ्या रांगेपर्यंत ऐकू गेलं. पडदा पडल्यावर बाई म्हणाल्या, "अरे, तो विसरला नव्हता. थांबला होता."

हा फरक ओळखण्याचे पुढे मला पैसे मिळू लागले.

1992 साली मुंबईत एका संकलकाकडे असिस्टंट म्हणून लागलो. तेव्हा फिल्म हाताने कापायची. सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे 35 एमएमची दीड फूट पट्टी. कापलेले तुकडे ओळीने टांगून ठेवायचे आणि 'तो मघाचा क्लोज दे' म्हटलं की लगेच काढून द्यायचा. कॉम्प्युटर आला, ती हमाली संपली. पण रीळ मागे फिरवताना विचाराला जी सवड मिळायची, तीही गेली.

नोकरी मी केलीच नाही. जाहिराती, मालिका, माहितीपट, सिनेमे, अडीनडीला लग्नाचे व्हिडिओसुद्धा. 'तुमचा नेमका प्रकार कुठला?' असं विचारतात. घरभाडं, हाच प्रकार! एका निर्मात्याकडे तेरा भागांचे पैसे अजून अडकलेत. सकाळी टीव्हीची 30 सेकंदांची जाहिरात, टीव्हीच्या सेकंदाला 25 च्या हिशेबाने 750 फ्रेम, त्यातल्या सहांवरून क्लायंटशी वाद. दुपारी माहितीपट. त्यात एक आजी नांगरलेल्या शेताकडे बघत नुसती बसलेली. दिग्दर्शक म्हणाला, "काप, काहीच घडत नाहीये." कापलं. तिसऱ्या दिवशी त्यानेच विचारलं, "ती आजी कुठे गेली रे?" मी ती बाजूला जपूनच ठेवली होती.

यंदा शाळेच्या महोत्सव समितीने संमेलनाच्या जुन्या कॅसेटी पाठवल्या. चार तासांचं वीस मिनिटांवर आणायचं, तेही फुकट. एका नाटकात सहावी-सातवीतली मुलगी बोलता बोलता थांबते आणि विंगेकडे बघते. तिथे कुणी आहे की नाही, कॅमेऱ्यात दिसत नाही. मग ती स्वतःच पुढचं वाक्य बोलते.

साडेचार सेकंद आहेत. एकही फ्रेम काढलेली नाही.