डोळ्यांपुढचे काजवे

परवा रात्री साडेनऊला आमच्या नौपाड्यातले दिवे गेले. मेणबत्ती शोधायला स्टुलावर चढलो आणि माळ्याची कडा कपाळावर अशी बसली की डोळ्यांपुढे काजवे चमकले. अगदी खरेखुरे. आठ-दहा पांढरे ठिपके, डावीकडे जरा जास्त, भुर्रकन आले आणि विझले. पावसाच्या तोंडावर लोक काजवे बघायला गाड्या काढून जातात, मला घरबसल्या!

"आधी खाली बस," बायको म्हणाली. कपाळाला बर्फ लावून अंधारात बसलो.

ज्याने हा वाक्प्रचार केला, त्याने चांगलाच मार खाल्ला असणार. हिसका बसला की डोळ्याच्या पडद्यातल्या किंवा मेंदूच्या मागच्या भागातल्या दृष्टीच्या पेशी चाळवतात आणि मेंदू त्याचा अर्थ उजेड असाच लावतो. दुसरा अर्थ त्याला लावताच येत नाही. 1969 साली अपोलो 11च्या अंतराळवीरांनाही अंधारात असे लखलखाट दिसले. तिथे डोळ्यांतून आरपार जात होते ते विश्वकिरणांचे कण. न्यूटन तर त्याआधी तीनशे वर्षं चक्क दाभण घेऊन बसला होता. डोळा आणि हाड यांच्या फटीत घालून मागून दाबायचं आणि रंगीत वर्तुळं दिसली की वहीत चित्र काढायचं. त्याची आई जवळपास नसावी.

माझी होती. शाळेत असताना तळव्यांनी डोळे दाबून जाळ्या, चौकटी, मोरपिसं बघायचा मला नाद होता. "फुटतील एखाद्या दिवशी!" डोळ्यांचे डॉक्टरही दाबू-चोळू नका असंच सांगतात. आणि न दाबता, न आपटता वीज चमकल्यासारखं दिसलं, तर पडदा तपासून घ्यायला त्याच दिवशी जायचं.

तरीही बोटाचं टोक डोळ्याच्या कानाकडच्या कोपऱ्यावर अलगद टेकवलंच. वलय उमटलं ते नाकाच्या बाजूला! पडद्यावर चित्र उलटं पडतं ना, म्हणून कानाकडच्या पडद्याने कळवलेलं सगळं मेंदू नाकाकडचं धरतो. बोट काढलं. मिटल्या डोळ्यांआड काळं काहीच नव्हतं. करडं होतं, त्यात रव्यासारखं काहीतरी वळवळत होतं.

"आली, आली!" अख्खी बिल्डिंग ओरडली. डोळे उघडले. मेणबत्ती फ्रिजवर होती.