चांदणखोरं : नदी अखेर उजळली

तीन आठवडे जी गोष्ट छळत होती तिचं कारण परवा रात्री साडेअकराला सापडलं. चांदणखोरं म्हणजे मी बनवत असलेली, अंधारात चमकणाऱ्या खोऱ्याची छोटी प्रतिकृती. तिच्यातली गुहा आणि झुलता पूल त्यामुळे आज बाजूला. आज नदीबद्दलच.

नदीसाठी रेझिन (हार्डनर मिसळला की घट्ट होणारा पारदर्शक द्रव) ओतलं, तो पहिला पोअर कसा फसला ते मागे लिहिलंच होतं. त्यात घातलेली स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेटची पावडर (उजेड साठवून अंधारात चमकते ती) रेझिनच्या तिपटीहून जड, त्यामुळे रेझिन धरेपर्यंत सगळी पावडर तळाला. तुमच्यापैकी दोघातिघांनी फ्युम्ड सिलिका (सिलिकाची अगदी हलकी, बारीक पूड) घालून रेझिन दाट करायला सांगितलं. केलं. पावडर मध्येच अडकून राहिली खरी, पण नदी तांदळाच्या पेजेसारखी दिसायला लागली. मग म्हटलं, हिला तळाला बसायचंय ना, बसू दे. चांदणखोऱ्यातली नदी तळातून उजळेल, वरचं पाणी नितळ.

पात्राला पांढऱ्या ॲक्रिलिकचे दोन हात दिले, कारण गडद तळ निम्मा उजेड गिळून टाकतो. रंग दोन दिवस खडखडीत वाळवला. माझी पावडर कोटिंग नसलेली आहे, तिला पाणी लागलं की ती कामातून जाते. मग २ मिलिमीटर पावडरवालं रेझिन. ते सुकल्यावर दिवा घालवून पाहिलं तर पात्र या टोकापासून त्या टोकापर्यंत एकसारखं निळसर-हिरवं. त्यावर ६ मिलिमीटर नितळ रेझिन ओतलं, दोन दिवसांनी टॉर्च मारला, दिवा घालवला, आणि नदी विझलेली. काठावर जिथे वरचा थर पोचला नव्हता तिथे तेवढी एक बारीक रेघ चमकत होती.

आधी संशय पावसाळी हवेवर. ठाण्यात जुलैमध्ये रेझिनवर चिकट, पांढुरका पापुद्रा धरतो तो सगळ्यांना माहीत आहे. कोमट पाण्याने घासून काढला, फरक शून्य. मग वाटलं, हार्डनरने पावडर खाल्ली. पण तसं असतं तर खालचा थर आधीच मेला असता. मग पावडरीच्या डब्यावर संशय, तोही खोटा निघाला. प्रत्येक चाचणीला दोन-दोन दिवस, कारण रेझिन आपल्या गतीनेच सुकतं.

परवा कपात उरलेल्या रेझिनची रुपयाएवढी चकती हाताशी होती. प्लास्टिकच्या झाकणात कोरडी पावडर पसरलेली होती (स्टीलच्या ताटलीत ठेवू नका, हे कण धातू खरवडतात आणि पावडर करडी पडते). चकती सहज तिच्यावर ठेवली, टॉर्च मारला, दिवा घालवून चकती उचलली. सगळं झाकण उजळलेलं आणि मधोमध काळाकुट्ट गोल. कडा इतकी रेखीव की कंपासने काढल्यासारखी.

म्हणजे नदी विझली नव्हती, तिच्यापर्यंत उजेडच पोचत नव्हता! रेझिन पिवळं पडू नये म्हणून त्यात अतिनील किरण शोषणारं द्रव्य घालतात, आणि माझा टॉर्च ३६५ नॅनोमीटरचा, थेट अतिनील. वरचा थर तो सगळा पिऊन टाकत होता. विकत घेताना दुकानदाराला मी पावडरीचं काम सांगितलं होतं. ‘सगळी रेझिनं सारखीच असतात’ असं उत्तर मिळालं. सारखी नसतात. बाटलीवर ‘पिवळं पडत नाही’ असं लिहिलेलं दिसलं की आधी एक चकती ओतून ही चाचणी करा.

सुदैवाने ही पावडर निळ्या उजेडावरही भरते, साधारण ४५० नॅनोमीटरपर्यंत. लॅमिंग्टन रोडवरून आणलेल्या एलईडी पट्टीचा निळा तुकडा जोडला, तीच चकती, तीच पावडर. या वेळी गोल जेमतेम ओळखू येत होता. मग तो तुकडा पाच मिनिटं नदीवर धरला आणि घालवला. वळणावर जिथे पात्र खोल कोरलंय तिथे उजेड दाट, उथळ जागी पातळ, आणि वरच्या नितळ थरामुळे खरंच पाण्याच्या तळाशी बघतोय असं वाटलं. वीस मिनिटं अंधारात बसून राहिले. डोळे सरावत गेले तसं दगडांच्या मागचंही दिसायला लागलं.

नदीला ४९० नॅनोमीटरचा निळसर रंग निवडला तो बरोबर ठरला. अंधाराला सरावलेल्या डोळ्याला निळ्या-हिरव्याच्या आसपासचं सगळ्यात चांगलं दिसतं. अळंब्यांना मात्र ५२०चा हिरवाच. भीमाशंकरच्या रानात पावसाळ्यात कुजक्या लाकडावरची बुरशी चमकते, ती मी ज्या रात्री पाहिली त्या रात्रीच हे खोरं डोक्यात आलं होतं, आणि तिचा उजेडही त्याच्या जवळपासचाच. तंगुसाच्या देठावर रेझिनचा एकेक थेंब, अशा चाळीस अळंब्या एका ओंडक्यावर बसल्या आहेत. सगळ्यात बारकी तांदळाच्या दाण्याहून लहान आहे, आणि तीही चमकते.

हे लिहिता लिहिता एक सुचलंय. मागच्या कड्याआड चंद्र नुसता शोभेचा ठेवणार होते, पिवळसर. आता तोच निळा करते. आत तीन निळे एलईडी, खाली टायमर. पाच मिनिटं चंद्र उगवलेला, वीस मिनिटं मावळलेला. नदी चांदणं पिणार आणि तो मावळल्यावर परत देणार. बाहेरून टॉर्च नको, खोऱ्याचा उजेड खोऱ्यातूनच यायला हवा. त्यासाठी कडा चार सेंटीमीटर मागे सरकवावा लागेल, नाहीतर वरच्या वळणावर त्याची सावली पडेल. चालेल, फोमच कापायचा आहे.

शनिवारी हवा कोरडी असली तर धबधबा. तिथे मात्र ते सिलिकावालं दाट रेझिनच वापरणार, फेसाळ पाण्याला तसं दुधाळपण हवंच आहे. चकती ओतून ठेवली आहे.