अकराव्या वर्षी नापास झालेला मुलगा

२१ मार्च, रात्र

आज उत्तर आयर्लंडमधले एकेकाळचे बंदूकधारी बंडखोर आणि पुढे मंत्री झालेले मार्टिन मॅकगिनेस यांचा स्मृतिदिन. २०१७ साली ते गेले, आणि गेले तेही डेरीतच, जिथे १९५० मध्ये जन्मले त्या गावात. पंधरा दिवस त्यांच्याबद्दलच वाचते आहे. मन एका बाजूला स्थिर होत नाही, म्हणून वही उघडली.

मला धरून ठेवलं ते त्यांच्या लहानपणातल्या एका गोष्टीनं. उत्तर आयर्लंडमध्ये अकराव्या वर्षी मुलांची ‘इलेव्हन-प्लस’ नावाची परीक्षा असायची. पास झालं तर ग्रामर स्कूल, नाहीतर कमी मानाची दुसरी शाळा. बॉगसाइडच्या कॅथलिक वस्तीतला हा मुलगा तीत नापास झाला. पंधराव्या वर्षी शाळा सुटली. मोटारींच्या कामाला जावं म्हणून मुलाखतीला गेला, तर कुठल्या शाळेत होतास एवढं विचारलं आणि वाटेला लावलं, असं ते पुढे सांगत. शाळेच्या नावावरून मुलगा कॅथलिक की प्रोटेस्टंट, ते कळायचं. मग खाटकाच्या दुकानात हाताखाली राहिला.

हाच मुलगा १९९९ मध्ये शिक्षणमंत्री झाला आणि २००२ मध्ये त्यानं ती परीक्षा बंद करत असल्याचं जाहीर केलं. मी तीस वर्षं चौथीचा वर्ग शिकवला. स्कॉलरशिपचा निकाल लागला की काही पोरं हसायची, काही गप्प व्हायची. ते गप्प होणं कुठवर पोचतं, हे आम्हा शिक्षकांना कधीच कळत नाही. म्हणून हा निर्णय मला त्यांच्या सगळ्या करारांइतकाच मोठा वाटतो.

पण मधली वर्षं ओलांडून तिथवर उडी मारता येत नाही.

डेरीत कॅथलिक बहुसंख्य, तरी नगरपालिका युनियनवाद्यांच्या, म्हणजे ब्रिटनशी जोडलेलं राहू पाहणाऱ्या, मुख्यतः प्रोटेस्टंट गटाच्या हातात. प्रभागांच्या सीमाच तशा आखलेल्या, आणि पालिकेच्या मतदानाचा हक्क मुख्यतः घर नावावर असणाऱ्यांना. घरांचं वाटपही पालिकेकडेच. मुलं रस्त्यावर आली ती यातून. ३० जानेवारी १९७२ ला डेरीतल्या मोर्चावर ब्रिटिश सैनिकांनी गोळ्या झाडल्या. तेरा जण तिथेच मेले, चौदावा नंतर. तेव्हा एकवीस वर्षांचा मार्टिन डेरीतल्या आयआरएचा, म्हणजे ब्रिटिश सत्तेविरुद्ध शस्त्र उचललेल्या संघटनेचा, दुय्यम प्रमुख होता. त्याच वर्षी जुलैत त्याला विमानानं लंडनला नेलं गेलं, ब्रिटिश मंत्र्याशी गुप्त बोलणी करायला. बोलणी फिसकटली. २१ जुलैला बेलफास्टमध्ये आयआरएनं तासाभरात वीसएक बॉम्ब फोडले, नऊ माणसं मेली.

१९७४ मध्ये आपण आयआरए सोडली, असं ते शेवटपर्यंत म्हणत राहिले. फार थोड्यांना ते पटलं. मलाही पटत नाही. ऑक्टोबर १९९० मध्ये डेरीतच लष्कराच्या भटारखान्यात काम करणाऱ्या एका माणसाच्या घरच्यांना आयआरएनं ओलीस धरलं, त्याला बॉम्ब भरलेल्या गाडीत जखडलं आणि सैनिकांच्या चौकीकडे गाडी न्यायला लावली. तो आणि पाच सैनिक मेले. हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि दोन दिवस हातात घेतलं नाही.

आणि तरीही बंदुका थांबवायला तोच माणूस लागला. बंदूकधाऱ्यांना ‘आता पुरे’ म्हणण्याचा अधिकार ज्याला होता, त्याचं ऐकलं गेलं. १९९४ ची शस्त्रसंधी १९९६ मध्ये मोडली, १९९७ मध्ये पुन्हा झाली. आयआरएशी जोडलेल्या शिन फेन पक्षाच्या वतीनं मुख्य वाटाघाटी त्यांनीच केल्या आणि १० एप्रिल १९९८ ला शांततेचा गुड फ्रायडे करार झाला. साडेतीन हजारांहून अधिक माणसं गेल्यानंतर.

२००७ मध्ये युनियनवाद्यांचे पुढारी इयन पेस्ली उत्तर आयर्लंडच्या सरकारचे प्रमुख, ‘पहिले मंत्री’, आणि मॅकगिनेस बरोबरीच्या अधिकाराचे ‘उप-पहिले मंत्री’ झाले. जन्मभर ‘नाही’ म्हणत आलेल्या या पाद्री पुढाऱ्याशी त्याआधी त्यांचं हवापाण्याचंही बोलणं झालेलं नव्हतं. काही महिन्यांत दोघांचे हसतानाचे फोटो छापून येऊ लागले.

मला सर्वांत जास्त थांबवलं ते मात्र जून २०१२ च्या फोटोनं. बेलफास्टच्या लिरिक थिएटरात राणी एलिझाबेथ त्यांच्याशी हात मिळवते आहे. आमच्या इतिहासाच्या पुस्तकात माउंटबॅटन १९४८ ला भारत सोडून गेले की संपायचे. ते मारले कसे गेले, हे मी वर्गात कधी सांगितलं नाही, कारण मलाच ठाऊक नव्हतं. ऑगस्ट १९७९ मध्ये आयर्लंडमधल्या स्लायगोजवळच्या समुद्रात आयआरएनं त्यांची नाव उडवली. त्यांच्याबरोबर चौदा वर्षांचा नातू गेला आणि नावेवर काम करणारा पंधरा वर्षांचा मुलगाही. राणीच्या घरचंच माणूस ते. तिनं हात पुढे केला, यांनी तो धरला आणि निरोपाला आयरिश भाषेत आशीर्वादाचे शब्द बोलले. त्या हातांत कोणाला जास्त जड गेलं असेल?

माफी मात्र त्यांनी कधी नीट मागितली नाही. मी त्यांना मानते, पण माफ करणारी मी कोण? तो हक्क त्या भटारखान्यातल्या माणसाच्या घरच्यांचा.

अंत्यविधीचं चित्रीकरण आज पुन्हा पाहिलं. लाँग टॉवर चर्च भरलेलं. पेस्लींच्याच पक्षाच्या तेव्हाच्या पुढारी आर्लीन फॉस्टर आत येतात. त्यांच्या वडिलांना आयआरएनं गोळी घातली होती, त्या लहान असताना. ते वाचले. त्या खाली मान घालून पुढे चालतात, आणि बाकांवरून टाळ्या सुरू होतात.